एडका शाळूत शिरेपर्यंत

सत्तरीला टेकलेल्या, गुडघे दुखणाऱ्या आणि चहात चार चमचे साखर घालणाऱ्या एका स्कॉटिश बाईचा मला हेवा वाटतो. एरवी हे मी कुणाला सांगितलं नसतं. पण संपादकांनी 'कामातले अनुभव लिहा' म्हटलं, आणि माझ्या कामातला सगळ्यात मोठा अनुभव नेमका तिच्याशी आणि माझ्या बायकोशी निगडित आहे. त्याला माझा इलाज नाही.

माझं काम म्हणजे बोलीकोशाचं. सांगलीतल्या एका महाविद्यालयाच्या मराठी विभागात मी तीस वर्षं सातारा-सांगलीकडचे शब्द गोळा केले. माझ्या सासऱ्यांचा शेवटपर्यंत समज होता, की जावई शिरगणतीत आहे. त्यांनी पाहुण्यांना तसंच सांगितलं आणि त्यांचा मानही त्यामुळे वाढला, म्हणून मीही दुरुस्ती केली नाही. (दुरुस्तीची माझी हौस दुसरीकडेच भागली होती. ते पुढे येईलच.)

काम तसं सोपं. प्रत्येक शब्दाचं एक कार्ड. त्यावर शब्द, अर्थ, तो ज्या वाक्यात आला ते वाक्य, गाव आणि बोलणाऱ्याचं नाव. नाव नसलेलं कार्ड आम्ही फेकून देतो. शब्द हवेत तरंगत नसतो, कुणाच्या तरी तोंडात असतो, असं आमचे विभागप्रमुख सर म्हणायचे. अडचण एवढीच, की वही काढली की माणूस स्वतःचं बोलणं बंद करतो आणि बातम्या द्यायला लागतो.

माणकडचे भिवाबापू हे त्याचं आद्य उदाहरण. ऐंशीचे मेंढपाळ, डोक्याला लाल मुंडासं, खांद्यावर घोंगडी. गाव म्हणालं होतं, बापूंकडे शब्दांची खाण आहे. मी माइक पुढे केला. बापूंनी घसा खाकरला आणि म्हणाले, "आमच्या गावामध्ये पाण्याची व्यवस्था उपलब्ध नाही आहे. तरी शासनाने याची नोंद घ्यावी." मी म्हटलं, "बापू, मी शासन नाही. तुम्ही मेंढरांशी कसं बोलता ते सांगा." तर म्हणाले, "मेंढ्यांसोबत आम्ही प्रेमाने बोलत असतो."

दोन तास हे चाललं. शेवटी मी कंटाळून मशीन बंद केलं, वही पिशवीत घातली. तेवढ्यात बापूंचा एडका, म्हणजे कळपातला मोठा नर मेंढा, शेजाऱ्याच्या शाळूत शिरला. ऐन दाण्यावर आलेली ज्वारी ती. बापू ताडकन उठले.

"आरं ए मुडद्या! हिरवं दिसलं की घुसलास व्हय रं? शाना म्हनून वाढीवला तुला, आन् आता माजी अब्रू घालिवतोस? भायेर यायाच पायजेल, न्हाईतर म्या येतो बग काठी घिऊन!"

पुढचं एक मिनिट बापू अखंड बोलले. त्या मिनिटात किमान अकरा शब्द असे होते, की ज्यांसाठी मी तीन तालुके पायाखाली घातले होते. मशीन पिशवीत. पेन कुठे ते आठवेना. एडका बाहेर आला, बापू शेजारी येऊन बसले आणि म्हणाले, "तर शासनाने याची नोंद घ्यावी."

त्या दिवसापासून नवीन येणाऱ्या प्रत्येक संशोधकाला मी हाच धडा देतो: एडका शाळूत शिरेपर्यंत थांबा. माणूस मनापासून चिडला की त्याची खरी भाषा येते. तोवर माइकचा उपयोग नाही.

सगळेच बापूंसारखे नसत. इस्लामपूरला कापूस पिंजणारे रसूलभाई होते. ते शब्द भराभर सांगत, पण दर दहा शब्दांमागे विचारत, "मग गादी कवा भरून घेताय?" त्यांच्याकडून धुनकीचे, म्हणजे पिंजायच्या धनुष्याचे, तिच्या दोरीचे, पिंजणीचे सगळे मिळून चाळीस शब्द मिळाले आणि आमच्या घरात चार गाद्या आल्या. चौथी आणली तेव्हा बायको म्हणाली, "आपण दोघेच राहतो ना घरात?"

ती असंच बोलते. बोलायची, म्हणू या. शुद्ध, स्पष्ट, पुस्तकात छापावं तसं. शालन माणची. भिवाबापूंच्या गावापासून दोन कोसांवरची, पिढ्यान्‌पिढ्या मेंढरांमागे फिरलेल्या घरातली. पण तिच्या तोंडून तिकडचा एक शब्द ऐकू यायचा नाही. मला याचा अभिमान होता, हे आता लिहिताना कानाच्या पाळ्या गरम होतात. पाहुणे म्हणायचे, "वहिनी किती छान बोलतात!" मी मान डोलवायचो, जणू चारा मीच घातला.

आमच्या कामाचा एक नियम होता, घरच्या माणसाचं कार्ड करायचं नाही. सर म्हणायचे, घरचा माणूस तुम्हाला हवं तेच बोलतो. मी तो नियम काटेकोर पाळला. शब्दांसाठी एसटीनं माणमधल्या दहिवडीला जायचो, तिथून पुढे चालत, आणि संध्याकाळी पायाला फोड घेऊन माणच्याच मुलीच्या हातचं जेवायचो.

तर आता ती स्कॉटिश बाई. नाव एल्स्पेथ. तरुणपणी मिरजेत दोन वर्षं नर्स होती. मराठी शिकली ती वॉर्डात, खाटेवरच्या माणसांकडून. जत, कवठेमहांकाळ, माण, आटपाडी इथून आलेली दुखणाईत माणसं, आणि दुखण्यात कुणी शुद्ध बोलत नाही. पुढे मायदेशी परतली, निवृत्त झाली आणि तिकडे स्वतःच्या मुलखातले जुने शब्द गोळा करणाऱ्या मंडळींत सामील झाली. गेल्या हिवाळ्यात मिरजेतल्या जुन्या मैत्रिणींना भेटायला आणि आमची कार्डं बघायला ती आली. महाविद्यालयाच्या अतिथिगृहात पाणी नव्हतं, म्हणून मी ऐटीत म्हटलं, आमच्याकडे राहा. मनात होतं, परदेशी पाहुणीला शालनची मराठी ऐकवू.

दारात टॅक्सी थांबली. गोरीपान, पिंजारल्या पांढऱ्या केसांची बाई उतरली आणि आमच्या फाटकातून ओरडली, "आवं, हाय का कुनी घरात?"

आणि आतून, स्वयंपाकघरातून, उत्तर आलं, "हाय की! या, या, पाय धुवून या!"

मी व्हरांड्यात उभा होतो. क्षणभर मला वाटलं, शेजारची कुणी बाई आत येऊन बसली असावी. तो आवाज शालनचा होता, हे कळायला मला तिचं तोंड बघावं लागलं.

दुसऱ्या दिवसापासून एल्स्पेथची एल्सीअक्का झाली. दोघी स्वयंपाकघरात बसायच्या आणि दार लोटलेलं असायचं. आतून हसण्याचे लोट यायचे. अधूनमधून तुकडे कानावर पडायचे, "लय खोडीचं व्हतं गं त्ये" किंवा "तवा म्या काय केलं ठावं हाय का". मी पाणी प्यायच्या निमित्ताने आत जायचो. त्या आठवड्यात मी जितकं पाणी प्यालो तितकं उन्हाळ्यात माणमध्ये प्यालो नव्हतो. मी आत पाऊल टाकलं की शालन वळून म्हणायची, "काही हवंय का तुम्हाला?"

ह-वं-य का. एकेक अक्षर धुऊन पुसून ठेवलेलं.

भिवाबापूंनी घसा खाकरून शासनाला नोंद घ्यायला सांगितली होती ना, तोच स्वर. तीस वर्षं माझ्या घरात मी शासन होतो, आणि मला पत्ता नव्हता.

एके दुपारी जेवताना एल्सीअक्कांनी त्यांच्या आजीचा एक शब्द सांगितला. 'मॉन'. त्यांच्या मुलखातलं सहायक क्रियापद, मुख्य क्रियापदाच्या आधी येतं. "माजी आज्जी म्हनायची, 'आय मॉन गँग'. म्हंजी मला जायाच पायजे. शाळंत ह्यो शब्द काढला की मास्तर हातावर चामड्याचा पट्टा मारायचा. इंग्रजीत बोल म्हनायचा."

"आला कुठून हा शब्द?" मी विचारलं. व्यवसाय.

"लय लांबनं. उत्तरेकडची दर्यातली मानसं बोटी घिऊन आली, त्यांच्यासंगं आला. पयल्यांदा त्येचा अर्थ मनात असनं. मग मनात हाय म्हंजी करनार हाय. आन् करनार हाय, त्येचं झालं करायाच पायजे."

मी चमच्यासकट थांबलो. जाणकार सांगतात, की हा शब्द आणि आपलं 'मन' एकाच फार फार जुन्या मुळापासून निघालेले. म्हणजे त्यांच्या आजीच्या सक्तीच्या शब्दात आपलं मन बसलेलं. मग मला राहवेना. मी 'पाहिजे'वर सुरू झालो. 'म्हणजे' हा मुळात 'म्हणिजे', म्हणजे 'म्हटलं जातं'. तसंच 'पाहिजे' म्हणजे 'पाहिलं जातं'. जुन्या मराठीतलं कर्मणी रूप. ज्याच्याकडे डोळे लागतात, ते पाहिजे. पंधरा मिनिटं मी बोललो. हे कार्ड तयार करायला मला तीन वर्षं लागली होती, पंधरा मिनिटं काही फार नव्हती.

शालन शांतपणे म्हणाली, "तुमचा भात गार होतोय. वाढू का गरम?"

दोन दिवसांनी त्या दोघी मिरजेला जायला निघाल्या. एल्सीअक्कांनी त्यांचं छोटं रेकॉर्डर माझ्या टेबलावर ठेवलं. "ह्येच्यातल्या फायली तुमच्या कॉम्प्युटरवर घ्या. शेवटची सोडून. ती शालनची हाय, आन् तुमास्नी आयकवायची न्हाई आसं तिला वचन दिलंय."

आमच्या धंद्यात याहून पवित्र काही नाही. बोलणाऱ्यानं नको म्हटलं, की नको. मी स्वतः ही शपथ पन्नास विद्यार्थ्यांना दिली आहे. दोघींची रिक्षा कोपऱ्यावर वळली आणि मी शेवटची फाइल लावली.

चाळीस मिनिटांची होती. आधी मेंढरांच्या आजारांची नावं, मग पावसाची. मी जन्मात न ऐकलेले शब्द. सगळे माझ्या स्वयंपाकघरात, माझ्याच गॅसवर दूध उकळत असताना बोललेले. मत्सरानं मी खुर्ची आणखी पुढे ओढली. मग एल्सीअक्कांनी विचारलं, "पायजे म्हंजी काय गं, तुजं तू सांग."

शालन म्हणाली, "पायजे म्हंजी... दुस्काळात बाप मेंढरं घिऊन लांब जायाचा, चाऱ्याला. आय दारात बसून वाट बगायची. आमी पोरं इचारायचो, काय बगतीस? ती म्हनायची, काय पायजे त्येच बगतीया. त्येच की. वाट बगतोय त्ये पायजे आसतंय."

तीन वर्षं. तीन वर्षं मी जाडजूड ग्रंथ उपसले होते.

पण त्यानंतर एल्सीअक्कांनी विचारलं, "मग ह्यांच्यासंगं तू आसं का बोलत न्हाईस?"

आणि शालननं मी विसरलेली एक गोष्ट सांगितली. विसरलो नव्हतो, पण माझ्याकडे तिची वेगळी प्रत होती. लग्नाला चार महिने झाले होते. विभागप्रमुख सर प्रथमच घरी आले. शालन चहा घेऊन आली, सर नको म्हणाले, आणि ती हसून म्हणाली, "आसं कसं? च्या घ्यायाच पायजेल तुमी!" माझ्या प्रतीत मी गमतीनं म्हणालो, "पायजेल नाही गं, पाहिजे." सर हसले, सगळे हसले, संपलं.

तिच्या प्रतीत आणखी थोडं होतं. "परत म्हनून दाखव म्हनले ह्ये. ट्रे हातात. म्या म्हनलं. तर म्हनले, आता नीट, सावकाश. दोनदा म्हनाय लावलं गं. च्याचं कप वाजाय लागलं ट्रेत. तवापासनं म्या ठरीवलं, ह्यांच्यापुढं पुस्तकातलंच बोलायचं. रोज परीक्षा दिल्यागत. आता सवय झालीया. पर कवा कवा वाटतं, घरात कोन तरी बोलाय पायजे व्हतं."

फाइल तिथे संपली. मला कपांचा आवाज आठवला. खरंच वाजले होते.

संध्याकाळी दोघी आल्या. एल्सीअक्कांनी मिरजेहून आणलेले पेढे टेबलावर ठेवले, शालननं चहा टाकला. सांगितलं नसतं तर चाललं असतं. तिला कधी कळलं नसतं. आणि सांगितलं तर ते लोटलेलं दार कायमचं बंद होणार, याचीही मला खात्री होती. पण पेढा तोंडात घोळायला लागला.

"मी ती फाइल ऐकली," मी म्हणालो.

एल्सीअक्कांनी कप खाली ठेवला. शालन गॅसकडे तोंड करून उभी होती.

"कोणती फाइल?" तिनं विचारलं. शुद्ध. स्वच्छ.

"शेवटची. तुझी."

तिनं गॅस बंद केला, सांडशी खाली ठेवली आणि वळली.

"एडका शिरला गं शाळूत," एल्सीअक्का पुटपुटल्या. माझा धडा त्यांनाही देऊन झाला होता.

"आयकली? आयकली व्हय? नगं म्हनलं त्येच कराय पायजे तुमास्नी! गावोगाव हिंडता, म्हाताऱ्या-कोताऱ्यांच्या तोंडाकडं आ वासून बसता, त्येंच्या शिव्या कार्डावर उतरून काचंच्या कपाटात ठिवता. आन् बायको बोलली की ती चूक! माजी आय अडानी, म्या अडानी, आन् भिवाबापू तेवढा खान व्हय शब्दांची? त्यो माजा चुलत मामा लागतोय! तीस वर्सं च्या करतीया म्या. एक डाव तरी इचारलं, तुज्याकडं च्याला काय म्हन्त्यात?"

माझा हात सवयीनं खिशाकडे गेला. फोन तिथे होता. नुसता अंगठा फिरवायचा होता.

"काढा, काढा की! ल्हिवा! नाव घाला खाली माजं!"

मी हात काढून टेबलावर ठेवला, दोन्ही हात, तिला दिसतील असे. अकरा शब्द होते की पंधरा, मी मोजले नाहीत. भिवाबापूंच्या वेळी पेन सापडलं नव्हतं. या वेळी ते वरच्या खिशात होतं आणि तिथेच राहिलं.

"चुकलं," मी म्हणालो. "नुसतं आजचं नाही. तेव्हाचं. ट्रेचं." मग मी विचारलं, "आता मी काय करू?"

शालननं पदरानं कपाळ पुसलं.

"आयकाय पायजेल," ती म्हणाली. "दुसरं काय बी करू नगा."

एल्सीअक्का आठवड्यानं परत गेल्या. जाताना मी त्यांना आमची कोरी कार्डं दिली आणि त्यांनी मला आजीच्या 'मॉन'चं एक कार्ड लिहून दिलं, खाली आजीचं नाव. ते माझ्या टेबलाच्या काचेखाली आहे. शालनचं कार्ड मी केलं नाही. नियम आहेच, शिवाय तिनं परवानगी दिलेली नाही आणि मी मागितलेली नाही.

घरात सगळं एका दिवसात बदललं असं कुणी समजू नये. तीस वर्षांची सवय दोन्ही बाजूंना आहे. बरेचदा अजून 'हवंय का' येतं. चिडल्यावर मात्र माण येतो, म्हणून ओला टॉवेल मी हल्ली अधूनमधून पलंगावर टाकून ठेवतो. तिला हे कळलंय, असा मला संशय आहे, कारण परवा टॉवेल बघून ती नुसती हसली.

रविवारी दुपारी एल्सीअक्कांचा व्हिडिओ कॉल येतो. आठवडाभराचं सगळं त्यांना आधी कळतं, मला नंतर, कधी कधी नाहीच. मी बाहेरच्या खोलीत पेपर उघडून बसतो. गेल्या रविवारी एकच पान अर्धा तास वाचून झालं, तशी आतून हाक आली.

"आवं, तितं काय बसलाय चोरागत? आत या. ह्या शेंगा सोलाय घ्या."

मी गेलो, पाट ओढून बसलो आणि शेंगा सोलायला घेतल्या. माझ्याकडे न बघता शालन बोलत राहिली, तिच्या आईबद्दल, एका पांगळ्या कोकराबद्दल. आठ-दहा शब्द तरी मला नवीन होते. एकही लिहिला नाही.

फोनमधून मात्र पेन्सिलीचा खरखर आवाज येत होता. एल्सीअक्कांना परवानगी आहे.